तो स्मशानातला माणूस आणि तो डॉक्टर, एकच नट का?

प्रश्न : ताई, नमस्कार. मागच्या महिन्यात 'स्पालोवाच मर्त्वोल' हा चेक सिनेमा बघितला, तो प्रागमधल्या शवदाहिनीत काम करणाऱ्या माणसाचा, आणि दोन रात्री नीट झोप लागली नाही. काल 'वेस्निच्को मा स्त्रेदिस्कोवा' लावला तर त्यातले म्हातारे डॉक्टर ओळखीचे वाटले. बहीण म्हणते तोच नट आहे, मला पटत नाहीये. आणि तोच असेल तर मधली वर्षं कुठे होता? १९७० नंतरच्या वर्षांत त्याचे सिनेमे फार दिसतच नाहीत.

उत्तर : बहिणीचं बरोबर आहे, दोन्हीकडे रुडॉल्फ ह्रुशिन्स्कीच आहेत. तुम्हाला पटलं नाही यात नवल नाही, पण आता दोन्ही सिनेमांत फक्त आवाज ऐका. तोच हळू, मऊ, समजूत काढल्यासारखा आवाज. युराय हेर्त्झच्या १९६९ च्या सिनेमात तो मेलेल्याचे केस विंचरतो आणि त्याच कंगव्याने स्वतःचेही, आणि बोलतो मात्र इतकं गोड की अंगावर काटा येतो. यिरी मेन्झेलच्या १९८५ च्या सिनेमात त्याच आवाजात डॉक्टर गाडी चालवताना कविता म्हणतात, बाहेरचं निसर्गसौंदर्य बघत बसतात आणि गाडी खड्ड्यात घालतात, आणि आपल्याला त्यांची माया वाटते. मोठ्याने न ओरडता इतकं करणारा नट मला दुसरा आठवत नाही, खरंच.

आता मधल्या वर्षांचं. १९६८ मध्ये लेखक लुडविक वात्सुलिकने चेकोस्लोव्हाकियात सुधारणा मागणारा 'दोन हजार शब्द' हा जाहीरनामा लिहिला, त्यावर ह्रुशिन्स्कींनी सही केली. ऑगस्टमध्ये सुधारणा मोडायला सोव्हिएत रणगाडे देशात आले आणि नंतर सरकारी लोक सगळ्यांना सह्या मागे घ्यायला सांगू लागले, यांनी घेतली नाही. झालं, काही वर्षं सिनेमा आणि टीव्ही बंद, नाटक मात्र चालू राहिलं, प्रागच्या नॅशनल थिएटरमध्ये. लोकांना ते आधीपासून माहीत होते ना, १९५० च्या दशकात श्वेइक, म्हणजे चेक कादंबरीतला तो भोळा दिसणारा विनोदी सैनिक, साकारलेला माणूस, त्याला पडद्यावरून काढता येतं, लोकांच्या डोक्यातून कसं काढणार?

मेन्झेलचा 'स्क्रिव्हान्सी ना निती' पण बघा, त्यातही ते आहेत. १९६९ मध्ये शूट झाला, बंदीमुळे डब्यात पडून राहिला, १९९० मध्ये बाहेर आला आणि बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात गोल्डन बेअर हे सर्वोच्च बक्षीस मिळालं. त्याच वर्षी ह्रुशिन्स्की संसदेतही निवडून गेले. १९९४ मध्ये गेले, वय ७३.

पण तुमची झोप उडालीय म्हणून सांगते, आधी 'रोझमार्ने लेतो' बघा, १९६८ चा. नदीकाठच्या स्नानगृहाचा मालक झालेले ह्रुशिन्स्की, उन्हाळा, पाऊस, तीन मित्रांच्या गप्पा. बहिणीला सोबत घेऊन बसा.