चाळीस सेकंदांची भूमिका

प्रिय,

तुझा मेसेज वाचला. एकच शॉट, एकही वाक्य नाही, कॅमेरा तोंडासमोर. ‘यात मी करू काय?’ असं विचारतोस. रुसलायस ते कळलं. नकार कळवण्याआधी एका माणसाकडे बघून घे.

योसेफ श्वाब-मालोस्त्रान्स्की. मालोस्त्रान्स्की म्हणजे प्रागच्या माला स्त्राना पेठेतला. जन्म १८६०. कॅबरेत, म्हणजे छोट्या रंगमंचावरच्या गाण्या-नकलांच्या खेळांत, विनोदी गाणी म्हणायची, ती स्वतःच लिहायची, हा त्याचा धंदा. १८९८मध्ये प्रागला वास्तुकला आणि अभियांत्रिकीचं मोठं प्रदर्शन भरलं. तिथे यान क्रिझेनेत्स्कीने फ्रान्सच्या ल्युमिएर कंपनीच्या चलच्चित्र-यंत्रावर स्वतः काढलेल्या फिल्म्स दाखवल्या. (याच कंपनीचे खेळ १८९६च्या जुलैत आपल्या मुंबईत झाले होते.) त्यातल्या काहींत श्वाब आहे. एकीत सॉसेज विकणारा आणि भिंतीवर जाहिराती चिकटवणारा अशी जोडी आहे. गंमत आहे, पण तुझ्या कामाची ती नव्हे.

तुझ्या कामाची ‘हसू आणि रडू’. तिच्यात गोष्ट नाही. श्वाबचा चेहरा आहे, बस. फीत जेमतेम सतरा मीटरची, म्हणजे मिनिटभरसुद्धा नाही. यंत्र हाताने फिरवायचं. मूकपट, त्यामुळे त्याचा आवाज, त्याची गाणी, ज्यावर त्याचं पोट चालायचं ते सगळं बाहेर राहिलं. समोर टाळी देणारं कोणी नाही. असं उघडं पडल्यावर नट काय करतो, ते तिथे दिसतं.

चेहरा तो भरपूर ताणतो. तुझ्या पिढीला ते अतीच वाटेल, मलाही पहिल्यांदा वाटलं. नक्कल करू नकोस. हसू संपून रडू सुरू होतं तेवढीच जागा बघ, दहादा बघ. हसताना आणि रडताना गाल, डोळे जवळजवळ सारखेच आवळतात. फरक पडतो तो ओठांच्या कोपऱ्यांत आणि भुवयांत. तू कॉलेजच्या एकांकिकेत रडायच्या आधी पाठ फिरवलीस आणि तयार चेहरा घेऊन वळलास, आठवतं? टाळी पडली, म्हणून मी तेव्हा बोललो नाही. इथे पाठ फिरवता येणार नाही.

प्रागच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने या फितींचं डिजिटायझेशन केलंय. ओरखड्यांकडे दुर्लक्ष कर. श्वाबला लोक पहिला चेक चित्रपट-नट म्हणतात. १९३२मध्ये गेला, तोवर बोलपट आले होते. तरी आपल्याकडे नाटकवाल्यांतसुद्धा हे नाव कुणी काढत नाही.

रोज रात्री आरशाशिवाय, मोबाइल समोर ठेवून चाळीस सेकंद कर. शनिवारी सगळ्यात वाईट टेक मला पाठव, चांगला नको. आणि खोटी मिशी लावणार असतील तर आत्ताच नाही म्हणून सांग. ओठांचे कोपरे झाकले तर उरलं काय?

तुझा,
सर