कोझी फॅनी टुटी मुळात संगीतकार की परफॉर्मन्स आर्टिस्ट?

आधी परफॉर्मन्स आर्टिस्ट, म्हणजे स्वतःचं शरीर आणि कृती हीच कला म्हणून सादर करणारी. संगीत त्यातूनच आलं. इंग्लंडमधल्या हल शहरात 1969 च्या सुमारास जेनेसिस पी-ऑरिजने 'कूम ट्रान्समिशन्स' हा गट सुरू केला आणि कोझी लवकरच त्यात आली. ऑक्टोबर 1976 मध्ये लंडनच्या आयसीए (इन्स्टिट्यूट ऑफ कन्टेम्पररी आर्ट्स) या कलासंस्थेत त्यांचं 'प्रॉस्टिट्यूशन' हे प्रदर्शन भरलं. प्रौढांच्या मासिकांसाठी तिने केलेल्या मॉडेलिंगची पानं तिथे कलाकृती म्हणून ठेवली होती. ते काम तिने ठरवून, कलेचा भाग म्हणून केलं होतं, आणि माझ्या मते तिच्या कारकिर्दीतलं सर्वांत धाडसी पाऊल तेच. ब्रिटिश खासदार निकोलस फेअरबेर्न यांनी गटाला 'संस्कृतीचे विध्वंसक' ठरवलं.

प्रदर्शनाच्या उद्घाटनालाच 'थ्रॉबिंग ग्रिसल' हा त्यांचा बँड वाजला: कोझी, जेनेसिस, ख्रिस कार्टर आणि पीटर क्रिस्टोफरसन. कोझीने गिटारचं रीतसर शिक्षण घेतलं नव्हतं. गिटार जड वाटली म्हणून तिच्या लाकडाच्या कडाच कापून टाकल्या! सूर जुळवण्यापेक्षा आवाजाचा पोत शोधणं हे तिचं काम. कॉर्नेट हे ट्रम्पेटसारखं वाद्यही ती तसंच वाजवते. त्यांच्या 'इंडस्ट्रियल रेकॉर्ड्स' या रेकॉर्ड लेबलवरून 'इंडस्ट्रियल' या अख्ख्या संगीतप्रकाराला नाव मिळालं. 1981 मध्ये बँड फुटल्यावर कोझी आणि ख्रिस कार्टर यांची 'ख्रिस अँड कोझी' ही जोडी आली.

यातला बराच तपशील तिच्या 2017 च्या आत्मचरित्रातला आहे. मात्र त्यात जेनेसिसशी असलेल्या नात्याची तिची बाजू येते. जेनेसिसने ती नाकारली होती, तेव्हा तो भाग वाचताना हे लक्षात असू द्या.