वाचक विचारतात : गॉडफ्री आणि अर्नोल्ड रिडली

प्रश्न : बीबीसीच्या ‘डॅड्स आर्मी’ या विनोदी मालिकेत ऐन कवायतीत लघवीला जाण्याची परवानगी मागणारे प्रायव्हेट (साधे शिपाई) गॉडफ्री आहेत. ते काम करणारा नट खरोखरच एवढा थकलेला होता, की तो अभिनय?

उत्तर : दोन्ही. जुलै १९६८मध्ये मालिका सुरू झाली तेव्हा अर्नोल्ड रिडली ७२ वर्षांचे होते, १९७७मध्ये संपली तेव्हा ८१. पण सगळा भार वयावर टाकू नका. इंग्लंडमधल्या बाथ शहरात जन्मलेले रिडली पहिल्या महायुद्धात सॉमरसेट लाइट इन्फन्ट्री या पायदळ पलटणीत होते. १९१६मध्ये फ्रान्समधल्या सॉमच्या लढाईत त्यांच्या डाव्या हाताला संगीन लागली आणि डोक्यावर बंदुकीच्या दस्त्याचा तडाखा बसला. हात जवळजवळ निकामी झाला, मध्येच शुद्ध हरपण्याचा त्रासही मागे लागला. दुसऱ्या महायुद्धात ते पुन्हा फ्रान्सला गेले, १९४०मध्ये परतले आणि मग खऱ्याखुऱ्या होम गार्डमध्ये, म्हणजे ब्रिटनच्या रक्षणासाठी उभारलेल्या स्वयंसेवकांच्या दलात, दाखल झाले. छोट्या पडद्यावर पुढे त्याच दलाचा गणवेश त्यांनी चढवला.

आता १९६९चा ‘ब्रँडेड’ हा भाग पाहा. गॉडफ्री पहिल्या युद्धात हत्यार उचलायला नकार देणारे होते हे कळताच पलटण त्यांना वाळीत टाकते. मग उलगडा होतो : सॉमच्याच रणांगणावर स्ट्रेचर वाहून जखमींना वाचवल्याबद्दल त्यांना मिलिटरी मेडल मिळाले होते! हा भाग बघताना नटाची सॉम ठाऊक असली की हसू जरा आवरते.

प्रश्न : टीव्हीआधी त्यांनी काय केले?

उत्तर : १९१८मध्ये बर्मिंगहॅम रेपर्टरी थिएटरमध्ये नट म्हणून उभे राहिले, पण जुन्या जखमांमुळे काही वर्षांतच काम सोडावे लागले. मग त्यांनी लेखणी धरली. मँगट्सफील्ड स्टेशनवर गाडीसाठी ताटकळताना ‘द घोस्ट ट्रेन’ची कल्पना सुचली, नाटक १९२५मध्ये लंडनला आले आणि तुफान चालले. म्हणजे चरित्र अभिनेता म्हणून घरोघरी पोचण्याच्या चाळीसेक वर्षे आधीच हा माणूस यशस्वी नाटककार होता.

प्रश्न : मालिकेचे सगळे भाग पाहायला मिळतील का?

उत्तर : नाही. ८०पैकी तीन हरवलेले आहेत, तिन्ही १९६९च्या दुसऱ्या पर्वातले. व्हिडिओ टेप महाग, म्हणून पुसून पुन्हा वापरायची. त्यात करारामुळे पुनःप्रक्षेपणावर मर्यादा, आणि रंगीत टीव्ही आल्यावर कृष्णधवल भागांना कोण विचारतो, अशी तेव्हाची समजूत. या तिघांशिवाय आणखी दोन भागही हरवले होते, पण त्यांच्या १६ मिमी फिल्मवरच्या प्रती २००१मध्ये हाती लागल्या. त्यातला एक ‘द बॅटल ऑफ गॉडफ्रीज कॉटेज’, म्हणजे गॉडफ्रींच्याच घरात घडणारा. सुरुवात तिथूनच करा.