उंचीमुळे नाकारल्या गेलेल्या नव्या गोलरक्षकास

निवड चाचणीत उंची कमी भरली, एवढ्यावरून गोलरक्षण सोडू नका. इटलीचे फुटबॉल गोलरक्षक दिनो झॉफ यांना चौदाव्या वर्षी याच कारणासाठी इंटर आणि युव्हेंटस या दोन्ही क्लबांनी नाकारले होते. पुढे १९७२ मध्ये, तिशीत आल्यावर, युव्हेंटसनेच त्यांना संघात घेतले आणि १९७२ ते १९७४ या काळात आंतरराष्ट्रीय सामन्यांत त्यांनी सलग ११४२ मिनिटे गोल होऊ दिला नाही. १९७८ च्या विश्वचषकात लांबून मारलेल्या फटक्यांवर गोल झाले, तेव्हा त्यांच्यावर बरीच टीका झाली. चारच वर्षांनी, वयाच्या चाळीसाव्या वर्षी, ते विश्वविजेत्या संघाचे कर्णधार होते.

त्या स्पर्धेतील ब्राझीलविरुद्ध ३-२ असा जिंकलेला सामना अवश्य पाहा. अखेरच्या क्षणी ब्राझीलच्या ऑस्करने डोक्याने मारलेला चेंडू झॉफ यांनी गोलरेषेवर नुसता परतवला नाही, तर हातांखाली घट्ट दाबून धरला, त्यामुळे समोरच्या खेळाडूंना दुसरा फटका मारण्याची संधीच मिळाली नाही. माझ्या मते हाच त्यांचा सर्वांत मोलाचा बचाव होय. म्हणून रोजच्या सरावात सूर मारण्याआधी पावलांची जागा आणि चेंडू पकडणे, या दोन गोष्टींना अधिक वेळ द्या.