‘माहीत नाही’ म्हणजे नेमकं काय नाही?

प्रश्न असा आहे की माहीत नाही, ठाऊक नाही, कळत नाही, समजत नाही, येत नाही हे सगळं शेवटी एकच ना, आणि एकच असेल तर तत्त्वज्ञानवाले ‘अज्ञान’ या एका शब्दावर एवढी पानं का खर्च करतात. दुसऱ्या अर्ध्या प्रश्नात थोडा टोमणा आहे, पण ठीक आहे, चालायचंच.

आधी माझं क्वालिफिकेशन सांगतो म्हणजे नंतर कोणी भांडायला नको. मी फार्मसिस्ट आहे, गोव्यात म्हापशाला एका मेडिकलमध्ये काउंटरला असतो. संस्कृत शाळेत होतं, त्याचा नाद पुढे सुटला नाही, बास. प्रोफेसर वगैरे नाही.

थोडक्यात उत्तर: एकच नाही. पण फरक डिक्शनरीत शोधत बसू नका, तिथे सगळ्यांपुढे एकच अर्थ सापडेल. समोरचा असं म्हणाला की त्याला पुढचा प्रश्न काय विचारता येतो ते बघा. ‘मला माहीत नाही’ म्हणाला तर ‘मग कोणाला माहीत असेल?’ असं विचारता येतं. ‘मला कळत नाही’ म्हणाला तर ते विचारून उपयोग नाही, तिथे ‘कुठपर्यंत कळलं?’ विचारायचं. ‘मला येत नाही’ असेल तर ‘शिकणार का?’. आणि ‘मी त्याला ओळखत नाही’ म्हणाला तर पुढचा प्रश्न त्याच्या चेहऱ्याकडे बघून ठरवायचा, कारण हे वाक्य खरंही असू शकतं आणि भांडणही असू शकतं. ‘माहीत’ आणि ‘ठाऊक’ यात मात्र मला स्वतःला फरक करता येत नाही, माझ्या ओळखीत वयस्कर माणसं ‘ठाऊक’ जास्त वापरतात एवढंच.

‘कळलं नाही’ला तर दोन तोंडं आहेत. ‘त्याचं लग्न झालेलं मला कळलंच नाही’ म्हणजे बातमी पोचली नाही, आणि ‘सरांचं लेक्चर कळलं नाही’ म्हणजे बातमी पोचली, पण डोक्यात उतरली नाही. मग ‘ओ की ठो कळत नाही’, ‘स्वयंपाकाचा गंध नाही’, ‘सुचत नाही’, ‘आठवत नाही’ हे सगळं आहेच. मुद्दाम न कळण्यालाही आपल्याकडे वेगळी सोय आहे, कानावर हात ठेवणं, वेड पांघरून पेडगावला जाणं. (या पेडगावचा आमच्या पेडण्याशी काही संबंध नाही. मी मात्र दहावीपर्यंत ती म्हण ‘वेड पांघरून पेडण्याला’ अशीच आहे असं समजत होतो आणि तशी वापरतही होतो. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.)

गोव्यात अजून एक मजा आहे. आमच्यासारख्या बऱ्याच घरांत बोलायला कोकणी आणि वाचायला, भजनाला, पेपरला मराठी असा मामला असतो, त्यामुळे काउंटरवर दिवसभर ‘खबर ना’ ऐकायला मिळतं. आजी, कुठली गोळी चालू आहे? ‘खबर ना रे पुता.’ आता शब्दशः बघितलं तर ‘खबर ना’ म्हणजे बातमी नाही! म्हणजे दोष आजीचा नाहीच, बातमीच अजून आलेली नाही. मला हे फार आवडतं. मराठीतही मी माहीत होत नाही, ‘मला’ माहीत असतं, ‘मला’ कळतं, जसा मला ताप येतो आणि मला भूक लागते तसं, ज्ञान आपल्याकडे येतं आणि आपण फक्त दारात उभे. पण ‘मी जाणतो’, ‘मी ओळखतो’ म्हटलं की लगेच काम माझ्याकडे येतं. आणि या जाणण्याला जुन्या मराठीत सरळ उलटं क्रियापद होतं, नेणणे, न आणि जाणणे मिळून. हरिपाठात ‘जाणीव नेणीव’ अशी जोडीच येते आणि त्यातली नेणीव आज मानसशास्त्रवाल्यांनी मनाच्या न दिसणाऱ्या भागासाठी उचलली आहे. पोर्तुगीज शिकलेली जुनी माणसं सांगतील की तिकडे माहीत असण्याला ‘सबेर’ आणि ओळखीचं असण्याला ‘कोन्येसेर’ अशी दोन वेगळी क्रियापदं आहेत, म्हणजे ही विभागणी फक्त आपलीच नाही.

आता तत्त्वज्ञान, पण काउंटरवरूनच सांगतो, कारण मला ते तिथेच कळलं.

नवीन लागलो होतो तेव्हाची गोष्ट. हाताने लिहिलेलं प्रिस्क्रिप्शन आलं, मी एका नजरेत वाचलं, हायड्रॉक्सिझिन, स्ट्रिप काढली, बिल करायला घेतलं. ही खाजेवर, अ‍ॅलर्जीवर देतात. आमच्या सीनियर ताईंनी कागद हातात घेतला आणि पेशंटला फक्त विचारलं, खाज येते की प्रेशर आहे? तो म्हणाला प्रेशर. कागदावर हायड्रॅलझिन होतं, ती बीपीची. दोन्ही नावं दिसायला, ऐकायला इतकी जवळ आहेत की जगभर या जोडीबद्दल सावध करतात, मलापण शिकवलं होतं, परीक्षेत लिहिलंसुद्धा होतं. सुदैवाने स्ट्रिप काउंटरच्या आतच होती. पण रात्री झोप लागेना, आणि डोक्यात हे फिरत होतं की मला त्या क्षणी अजिबात शंका नव्हती. अक्षर लागत नाही असं एकदाही वाटलं नाही. वाटलं असतं तर मी विचारलं असतं.

यावर जे मला सापडलं ते वैशेषिकांकडे, म्हणजे आपल्या सहा जुन्या दर्शनांपैकी एका दर्शनाच्या लोकांकडे. प्रशस्तपाद म्हणून आचार्य होऊन गेले, त्यांनी अविद्येचे चार प्रकार सांगितलेत: संशय, विपर्यय, अनध्यवसाय आणि स्वप्न. स्वप्न सोडून देऊ, दुपारी काउंटरवर डुलकी लागते तो वेगळा विषय. संशय म्हणजे हे की ते, संध्याकाळच्या उजेडात दूर काहीतरी उभं आहे, खांब की माणूस. म्हणजे दोन्ही पर्याय तुम्हाला माहीत आहेत, फक्त निवड होत नाहीये, एक प्रश्न विचारला की सुटतं. विपर्यय म्हणजे शिंपल्याला चांदी समजणं, चुकीचं आणि वर ठाम. माझी स्ट्रिप ही विपर्यय. पेडण्याची म्हणही विपर्ययच, दहावीपर्यंत मी कोणाला विचारलं नाही कारण मला माहीत होतं ना! म्हणजे न जाणण्याचा सगळ्यात डेंजर प्रकार असा की त्यात माणूस ‘माहीत नाही’ हे शब्द उच्चारतच नाही, आणि वर मी सांगितलेली पुढच्या प्रश्नाची युक्ती तिथे फेल जाते, कारण प्रश्न विचारायला जागाच नाही. ताईंनी प्रश्न मला नाही, पेशंटला विचारला.

पण माझा आवडता आहे तो अनध्यवसाय. शब्द जड आहे, अर्थ म्हणजे ‘हे काय आहे?’ एवढ्यावरच अडकणं, पर्यायसुद्धा न सुचणं. आणि त्यासाठी त्यांनी उदाहरण काय द्यावं, तर फणस! वाहीक देशाचा, म्हणजे पंजाबकडचा माणूस फणसाचं झाड बघतो. त्याला झाड दिसतंय, खोड, फांद्या, पानं सगळं नीट दिसतंय, डोळ्यात काही दोष नाही, पण याला काय म्हणायचं ते ठरत नाही. मे महिन्यात आमच्याकडे या, हे उदाहरण रस्त्यारस्त्यावर लाइव्ह बघायला मिळेल, उत्तरेकडचे टुरिस्ट स्कूटर थांबवून खोडाला लटकलेल्या फणसाकडे असे बघत उभे असतात की बस. त्यांना संशय नाही, गैरसमजही नाही, नुसतं ‘किम्?’. दुसरं उदाहरण नारळाच्या बेटावरच्या माणसाचं, त्याला गायीची फक्त गळ्याखालची पोळी, म्हणजे लोंबती कातडी, दिसते आणि हा कुठला प्राणी असेल बाबा असं होतं. हे मात्र गोंयकाराला लागू नाही, आमच्याकडे माड आहेत आणि गायी रस्त्याच्या मधोमध बसलेल्या आहेत.

त्याच जागी अजून एक बारीक गोष्ट आहे. प्रशस्तपाद म्हणतात हे ओळखीच्या वस्तूबाबतही होतं, व्यासंगामुळे. तिथे व्यासंग म्हणजे मन दुसरीकडे गुंतलेलं असणं. आपण मराठीत दांडग्या अभ्यासाला व्यासंग म्हणतो आणि सत्कारात शाल देतो! म्हणजे एकाच शब्दात अभ्यासही आहे आणि शेजारून बायको गेली तरी पत्ता नसणंही आहे. ज्यांच्या घरी व्यासंगी माणूस आहे त्यांना हे समजावून सांगायची गरज नाही.

आता ‘अज्ञान’मधल्या त्या ‘अ’ची भानगड. आपल्याला वाटतं अ लागला की वस्तू गायब, ज्ञान वजा केलं की अज्ञान. पण संस्कृतवाल्यांनी या नकाराचे सहा अर्थ मोजलेत, त्यात अभाव आहे तसा विरोधही आहे. योगसूत्रांवरच्या व्यासभाष्यात अविद्येबद्दल म्हटलंय की हा शब्द ‘अमित्र’सारखा घ्या. अमित्र म्हणजे मित्राचा अभाव नव्हे, अमित्र म्हणजे शत्रू. तशी अविद्या ही रिकामी जागा नाही, ती विद्येच्या जागेवर ठाण मांडून बसलेली दुसरीच गोष्ट आहे. आणि व्यवहारात बघा, आमची थोडी जमीन दोडामार्गकडे आहे, तिकडच्या सातबाऱ्यावर माझं नाव लहानपणी ‘अ.पा.क.’ असं लिहून आईच्या नावासोबत होतं. अज्ञान पालनकर्ता. सरकारी भाषेत १८ वर्षांखालचा तो अज्ञान, मग तो वर्गात पहिला येवो. (गोव्यात सातबारा नाही, एक-चौदाचा फॉर्म असतो, हे बाहेरच्यांसाठी.) तसंच ‘अज्ञात’ आणि ‘अज्ञेय’, एक अजून कळलेलं नाही, दुसरं कळूच शकत नाही. पेपरात ‘अज्ञात इसमाविरुद्ध गुन्हा’ येतो, अज्ञेय इसम कोणी लिहिला तर तपास तिथेच संपला. देवाच्या बाबतीत मात्र लोक हे दोन्ही सर्रास मिसळतात, हक्सले या इंग्रज शास्त्रज्ञाने १८६९ मध्ये ‘अ‍ॅग्नॉस्टिक’ शब्द काढला त्याला आपण अज्ञेयवादी म्हणतो, पण जो नुसता ‘मला अजून ठरवता आलेलं नाही’ म्हणतो त्यालाही आपण तेच लेबल लावतो.

‘माहीत नाही’वरून नुसत्या ‘नाही’वर माणूस किती पटकन घसरतो याची एक गोष्ट वेदान्तात आहे, बऱ्याच जणांनी ऐकली असेल. दहा जण नदी पार करतात, पलीकडे जाऊन मोजतात, प्रत्येक जण स्वतःला सोडून मोजतो, नऊच भरतात, रडारड. विद्यारण्य नावाच्या आचार्यांनी ‘पंचदशी’ या ग्रंथात या रडण्याआधीच्या दोन पायऱ्या वेगळ्या केल्यात: ‘दहावा मला माहीत नाही’ हे अज्ञान, आणि ‘दहावा नाहीच’ हे आवरण. आमच्याकडे रोज होतं हे. दुकानातल्या मुलाला सांगितलं अमुक स्ट्रिप बघ, तो रॅककडे एक नजर टाकतो आणि म्हणतो ‘नाही’. अरे, नाही की दिसली नाही? कॉम्प्युटर तीन दाखवतोय. मीमांसा या दर्शनातल्या कुमारिल भट्टांच्या परंपरेत न दिसणं हेसुद्धा ज्ञानाचं साधन मानलंय, अनुपलब्धि म्हणतात, पण अट अशी की वस्तू असती तर दिसलीच असती अशी परिस्थिती पाहिजे. जूनमध्ये, ट्रॉलरची बंदी चालू असताना, म्हापशाच्या मार्केटात सगळ्या पाट्या बघून ‘आज इसवण नाही’, म्हणजे सुरमई नाही, असं म्हणणं हे ज्ञान आहे. अंधाऱ्या गोडाऊनच्या दारातून ‘स्टॉक नाही’ म्हणणं हे नाही.

झोपेवरून पण मोठा वाद आहे. ‘छान झोप लागली, काही कळलं नाही’ असं आपण सकाळी म्हणतो, तर अद्वैत वेदान्तवाले पकडतात की काही कळलं नाही हे तुला आठवतंय म्हणजे झोपेत ते अज्ञान तू अनुभवलं होतंस, म्हणजे ते भावरूप आहे, खरोखर असलेली काहीतरी गोष्ट आहे, नुसता अभाव नाही. नैयायिक, म्हणजे तर्कावर भर देणारे न्यायदर्शनवाले, म्हणतात कसलं आठवतंय, उठल्यावर तू अंदाज बांधतोस. मला इथे नैयायिक पटतात, पण माझी झोप तशीही कमी आहे.

सॉक्रेटिसचं कोणीतरी कमेंटमध्ये काढणारच म्हणून: ‘मला एवढंच कळतं की मला काही कळत नाही’ हे वाक्य प्लेटोने लिहिलेल्या त्याच्या बचावाच्या भाषणात (खटला इसवीसनपूर्व ३९९) तसं नाही. तिथे तो म्हणतो की मला जे माहीत नाही ते माहीत आहे असं मी समजत नाही. म्हणजे विपर्यय नाही एवढाच दावा, आणि त्यावरही अथेन्सवाल्यांनी त्याला विष पाजलं.

परवाच त्या आजी आल्या होत्या. गोळी पाहिजे. कुठली? ‘खबर ना, ल्हान धवी.’ लहान पांढऱ्या गोळ्या आमच्याकडे एक अख्खा रॅक भरून असतील, मला काही कळेना. त्यांचा मुलगा दुबईला, त्याला फोन लावला, तो एकदम कॉन्फिडंट, अंकल, ती पिंक आहे, मीच आणून दिलेली. आजी म्हणतात धवी, तो म्हणतो पिंक, असं पाच मिनिटं चाललं, मागे लाइन लागली. मग आजींनी पैसे काढायला पिशवी उघडली तर त्यात रिकामी स्ट्रिप, एका कोपऱ्यात अर्धी गोळी उरलेली. पिवळी.