वार बसतोय, पण लागल्यागत वाटत नाही

पत्र: उद्यमनगरात माझं छोटं मशीन शॉप आहे. मुलगा बारावी सायन्सला आहे. दिवाळीत पुण्याला मामाकडे गेला, तिथं मामेभावाच्या प्लेस्टेशनवर ‘लाइज ऑफ पी’ नावाच्या मारामारीच्या गेमचा डेमो दोन दिवस खेळला. घरी आल्यावर फिजिक्सच्या वहीत मागच्या बाजूनं त्या गेमवर चार पानं लिहून काढली. आता म्हणतो, गेम डिझायनर व्हायचंय. सरकारनं गेमिंगवर बंदी आणल्याचं मी वाचलंय. आमच्या धंद्यात त्याला काडीचा रस नाही. पानांचे फोटो सोबत पाठवतोय. काय करावं? (एक वडील, कोल्हापूर)

नमस्कार.

आधी बंदीचं बोलतो. ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेनं जो कायदा केला, तो पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांविरुद्ध आहे. तुमच्या मुलानं खेळलेला गेम विकत घेऊन एकट्यानं खेळायचा असतो, त्यात पैज नाही. गेम तयार करण्याच्या व्यवसायावर बंदी नाही. ती काळजी सोडा.

आता वही. चारही पानं मी दोनदा वाचली. पहिलं पान साधं आहे. ग्राफिक्स भारी, रेल्वे स्टेशन भारी, पाऊस भारी. असं कुणीही लिहील. दुसऱ्या पानावर मात्र तो लिहितो, “मोठ्या हत्याराचा वार बसतोय, पण लागल्यागत वाटत नाही. छोट्या तलवारीचा लागतो.” इथं मी थांबलो. त्याचं मत बरोबर की चूक, यावर वाद होईल. पण ‘वार बसणं’ आणि ‘वार लागणं’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे सतरा वर्षांच्या मुलाला कुणी न शिकवता कळलं.

गेममध्ये वार ‘लागतो’ तो असा. तलवार टेकली की दोघांची हालचाल काही फ्रेमपुरती (फ्रेम म्हणजे पडद्यावरचं एक स्थिर चित्र) थबकवतात. सेकंदाला ६० फ्रेम धरल्या तर एक फ्रेम साधारण १६.७ मिलिसेकंदांची. तेवढ्यात आवाज, कॅमेऱ्याचा हादरा आणि समोरच्याचं मागं झोकांडणं हे सगळं जुळवावं लागतं. यातलं एक जरी मागं-पुढं झालं तरी हात म्हणतो, काहीतरी चुकलंय. तुमच्या मुलाचा हात तसं म्हणाला आणि त्यानं ते लिहून ठेवलं.

अशा टिपणांना किंमत असते का? याच गेमचं उदाहरण घ्या. दक्षिण कोरियातल्या निओविझ कंपनीनं लाकडी बाहुल्याच्या जुन्या इटालियन गोष्टीवरून तो बनवला. जून २०२३ मध्ये सुरुवातीच्या दोन प्रकरणांचा डेमो लोकांना फुकट खेळायला दिला. पात्राची हालचाल आणि वार चुकवणं जड वाटतं, असं अनेकांनी कळवलं. बनवणाऱ्यांनी ते ऐकून त्यात सुधारणा केल्या आणि सप्टेंबरमध्ये पूर्ण गेम आला. डेमो खेळून नेमकं काय खटकलं ते सांगणारा माणूस या धंद्यात असा कामाला येतो.

पण तिसऱ्या पानावर त्याची गफलत झाली आहे, आणि ती तुम्ही त्याला माझ्यापेक्षा चांगली समजावाल. तो लिहितो, “अडवायचं बटण वेळेवर दाबलं तरी उशिरा अडवतो. गेमचा टायमिंग चुकलाय.” या गेममध्ये शत्रूचा वार अगदी शेवटच्या क्षणी अडवला तरच पूर्ण वाचता येतं, त्यामुळं तक्रार महत्त्वाची. पण मामाच्या टीव्हीवर गेम मोड चालू होता का? तो बंद असेल तर टीव्ही चित्र सुधारत बसतो आणि ते पडद्यावर उशिरा येतं. दोष गेमचा की टीव्हीचा, हे त्यानं तपासलं नाही. लेथवर जॉब एका टोकाला निमुळता व्हायला, म्हणजे टेपर यायला लागला तर तुम्ही लगेच मशीन मोडीत काढता का? टेलस्टॉक बघता, टूल बघता, एकेक गोष्ट बदलून बघता. गेम तपासणाऱ्याचं कामही हेच असतं. पुण्यात युबिसॉफ्ट या मोठ्या गेम कंपनीचा स्टुडिओ २००८ पासून आहे. तिथं आणि इतरत्रही टेस्टिंग हे या क्षेत्रात शिरायचं एक दार आहे. मात्र टेस्टर म्हणजे दिवसभर मजेत खेळणारा माणूस नव्हे. एकच दरवाजा दोनशे वेळा उघडायचा, कितव्या वेळी आणि काय केल्यावर अडकला ते लिहायचं, हे त्याचं काम. मुलाला हे आत्ताच सांगा.

आता शिक्षणाचं. बारावी आणि सीईटी नीट होऊ दे, त्यात तडजोड नको. माझा कल कॉम्प्युटर इंजिनिअरिंगकडे आहे, आणि कारण सरळ आहे. २०२३ आणि २०२४ मध्ये जगभरच्या गेम कंपन्यांनी हजारो माणसं कमी केली. प्रोग्रॅमिंग येणाऱ्याला अशा वेळी दुसरीकडे काम मिळतं. हात चित्रात चालत असेल तर गोष्ट वेगळी. मग बी.डेस.साठी, म्हणजे डिझाइनच्या पदवीसाठी, आयआयटी मुंबई घेते ती युसीड ही प्रवेश परीक्षा बघा. कोणत्याही शाखेतून देता येते, आणि यंदा अर्ज राहिला असेल तर बारावीनंतरच्या वर्षीही. पदवीनंतर एनआयडी या राष्ट्रीय डिझाइन संस्थेच्या बेंगळुरू केंद्रात डिजिटल गेम डिझाइनचा पदव्युत्तर अभ्यासक्रम आहे. म्हणजे आज इंजिनिअरिंगला गेला तरी तो रस्ता बंद होत नाही.

लाखांत फी घेणाऱ्या खासगी गेमिंग डिप्लोमाला मात्र आत्ता हात लावू नका. कुणी गळ घातलीच, तर गेल्या वर्षीच्या विद्यार्थ्यांनी स्वतः बनवलेले गेम दाखवा म्हणावं, आणि ते मुलाला तिथंच खेळायला लावा. दाखवायला काही नसेल तर उठून या.

सीईटी झाल्यावर प्रवेशापर्यंत मोकळे दिवस मिळतात. त्यात त्यानं एक खोली, एक शत्रू आणि एक वार एवढंच बनवावं. गेम जुळवायला गोडॉट आणि त्यातली थ्रीडी चित्रं बनवायला ब्लेंडर, ही दोन्ही सॉफ्टवेअर फुकट आहेत, आणि एवढ्याशा कामाला साधा कॉम्प्युटर चालतो. वार ‘लागेपर्यंत’ सोडायचं नाही. तीन आठवड्यांत कंटाळला, तर त्याला खेळायला आवडतं, बनवायला नाही, हे एक रुपयाही न घालवता कळेल. तसं निघालं तर त्याला टोमणे मारू नका, मी विनंती करतो. आणि कंटाळला नाही, तर मला तो गेम पाठवा, मला खरंच खेळायचाय.

नमुना शोधायला लांब जायची गरज नाही. शिवाजी पेठेत मर्दानी खेळाचा सराव चालतो तिथं वस्तादांना विचारून मोबाइलवर स्लो मोशनमध्ये दांडपट्टा टिपून आणायला सांगा. पट्टा फिरायच्या आधी खांदा कसा सांगून जातो आणि फिरून झाल्यावर अंग किती वेळ उघडं राहतं, ते मोजावं. गेममधला प्रत्येक वार याच तीन तुकड्यांचा असतो, वाराची तयारी, वार आणि सावरणं. हे शहर त्याला फुकट शिकवायला बसलंय. पुण्याच्याच नोडिंग हेड्स या छोट्या कंपनीनं २०२० मध्ये ‘राजी’ नावाचा ॲक्शन गेम काढला, त्यात राजस्थानी वाड्यांची वास्तुकला आणि दुर्गा, विष्णू आहेत. आपल्याकडचं घेऊन गेम बनवणारी माणसं इथून चार तासांवर बसली आहेत.

राहिलं चौथं पान. फोटो तुम्हीच काढलाय, पण वाचलं नसावं असं वाटतं. या गेममध्ये लढताना हत्यार झिजतं, मग हातावरच्या ग्राइंडरवर त्याला धार लावावी लागते. त्यावर तुमच्या मुलानं लिहिलंय, “ठिणग्या बरोबर आहेत. आवाज खोटा वाटतो. पप्पांच्या ग्राइंडरला टूल टेकलं की आधी आवाज खाली बसतो, मग चढतो. इथं एकसारखाच आहे.”

धंद्यात रस नाही म्हणता, पण तुमच्या शॉपमधला आवाज त्याच्या कानात इतका नेमका बसलाय. रविवारी शॉप बंद असतं तेव्हा त्याला घेऊन जा. बेंच ग्राइंडर चालू करा, चष्मा घालायला लावा आणि त्याच्या मोबाइलवर तो आवाज नीट रेकॉर्ड होईपर्यंत टूल तुम्ही धरा.