इतके क्लब झाले, तरी मी कुठलाच नाही!

“एवढे क्लब बदलले, पण एकाही ठिकाणी जम बसला नाही. खोट माझ्यातच असणार.” व्यावसायिक खेळाडूंच्या समुपदेशनात हे वाक्य सारखं कानावर पडतं, आणि गोलकीपरांकडून जरा जास्तच. आई-वडील दोन वेगळ्या देशांचे असतील तर त्याला शेपूटही जोडलेलं असतं: “क्लबचं सोडा, मी कुठल्या देशाचा हेसुद्धा मला धड सांगता येत नाही.” अलीकडे खेळाडूंचे पालकही हीच काळजी घेऊन येतात. म्हणून एका गोलकीपरबरोबर झालेल्या बैठकांचं सार इथे मांडते आहे. त्याची परवानगी घेतली आहे, आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

वय 29. इंग्लंडच्या तिसऱ्या-चौथ्या डिव्हिजनमध्ये खेळणारा. नऊ क्लब, त्यांतले पाच लोनवर (म्हणजे करार एका क्लबशी, पण ठरलेल्या काळापुरतं खेळायचं दुसऱ्याकडून). वडील इंग्लिश, आई आफ्रिकेतल्या एका देशातून आलेली. सतराव्या वर्षी इंग्लंडच्या वयोगटाच्या संघातून काही सामने खेळला, पुढे ते दार बंद झालं. तेविसाव्या वर्षी आईच्या देशाच्या फुटबॉल संघटनेचा फोन आला, तर याने “बघतो” म्हणून टाळलं, ते आजतागायत. इंग्लंडमध्ये करार सहसा 30 जूनला संपतात आणि कोणाला ठेवलं, कोणाला सोडलं याची यादी क्लब मे महिन्यात लावतात. एप्रिल लागला की त्याची झोप उडायची.

अशा वेळी मी भावनांना हात घालायच्या आधी हिशेब मांडायला लावते. माझा कल अमेरिकी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांच्या विवेकनिष्ठ पद्धतीकडे आहे, हे लपवण्यात अर्थ नाही. माणसाला परिस्थितीचा जितका त्रास होतो, त्याहून जास्त त्रास तो तिचा जो अर्थ लावतो त्याचा होतो, यावर माझा विश्वास आहे. मी त्याला नऊ क्लबांची नावं लिहायला सांगितली आणि प्रत्येकापुढे तिथून का निघाला ते. त्याने नऊच्या नऊ ओळींत एकच कारण लिहिलं: “कमी पडलो.”

“दुसऱ्या क्लबात नक्की काय झालं?”

“लोन होतं. मोसम संपला, परत आलो.”

“म्हणजे ठरल्याप्रमाणे संपलं. आणि चौथ्यात?”

“मॅनेजरला काढलं. नवा मॅनेजर आला तो आपला कीपर बरोबर घेऊन.”

“सहाव्यात?”

“संघ खालच्या डिव्हिजनमध्ये गेला. पगार निम्म्यावर आणणार होते.”

कागद भरला तेव्हा त्याच्या खेळामुळे सुटलेले क्लब दोन निघाले. दोनच निघाले म्हणून ते झाकायचे नव्हते. एका ठिकाणी क्रॉसवर, म्हणजे मैदानाच्या कडेने गोलसमोर आलेल्या बॉलवर, बाहेर यायला तो खरोखर बिचकत होता, आणि ते त्याने मान्य केलं. बाकीचे सात मात्र या धंद्याच्या रचनेचे होते. मैदानावरच्या इतर खेळाडूंना दहा जागा असतात, शिवाय सामन्यात पाच बदल. गोलकीपरला जागा एकच, आणि क्लब बाळगतो साधारण तीन. पुढच्या फळीतल्याला शेवटची वीस मिनिटं तरी मिळतात. दुसऱ्या क्रमांकाचा कीपर मैदानात उतरतो तो पहिल्याला दुखापत झाली, लाल कार्ड मिळालं किंवा त्याचा फॉर्म पार गेला तर. म्हणून मग लोन. इंग्लंडच्या लीगमध्ये तर खेळण्याजोगा कीपरच उरला नाही, तर विंडो (खेळाडूंनी क्लब बदलायची ठरलेली मुदत) बंद असतानाही सात दिवसांसाठी दुसऱ्या क्लबचा कीपर आणता येतो. ज्या व्यवसायात आठवड्याच्या लोनची सोय करून ठेवावी लागते, तिथे क्लबांची यादी लांबणारच.

हिशेब पटला की बरं वाटतं, पण ते फार टिकत नाही. पुढच्या खेपेला तो तोच चेहरा घेऊन आला. शनिवारी त्याच्यावर पेनल्टी झाली होती.

“उजवीकडे झेपावलो आणि बॉल मधून गेला. मी होतो तिथूनच!”

“मग उभाच राहिला असतास तर?”

“उभा राहून गोल खाल्ला असता तर सगळे म्हणाले असते, याने हातपायसुद्धा हलवले नाहीत.”

मी त्याला इस्रायली संशोधकांनी 2007 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासाबद्दल सांगितलं. त्यांनी वरच्या दर्जाच्या सामन्यांतल्या 286 पेनल्टी तपासल्या. सुमारे 29 टक्के फटके गोलच्या मधल्या भागात आले होते, पण कीपर जागेवर थांबले ते जेमतेम 6 टक्के वेळा. थांबलेल्यांनी साधारण तीनात एक पेनल्टी अडवली. झेपावलेल्यांचं प्रमाण 13 टक्क्यांच्या आसपास होतं. (याचा अर्थ नेहमी उभं राहावं असा नाही. सगळे कीपर उभे राहायला लागले तर मारणारे आठवडाभरात कोपरे धरतील.) पेनल्टीची जागा गोलरेषेपासून 11 मीटरवर, ताशी 100 किलोमीटरच्या फटक्याला तेवढं अंतर कापायला सुमारे 0.4 सेकंद लागतात. अंदाज आधी बांधावा लागतो, हे खरंच. तरीही कीपर थांबायला इतके का कचरतात? संशोधकांचं उत्तर असं की झेपावून खाल्लेल्या गोलपेक्षा उभ्याने खाल्लेला गोल जास्त टोचतो. प्रयत्न दिसला पाहिजे ना!

तो बराच वेळ काही बोलला नाही. मग म्हणाला, “मी जानेवारीतही हेच करतो.”

“म्हणजे?”

“बेंचवर बसलो की वाटतं, नुसता बसलोय. विंडो उघडली की एजंटला फोन करतो, कुठेही पाठव म्हणतो. बसून राहिलो असं दिसायला नको.”

या वाक्यासाठी मी थांबले होते. ते मी आधी बोलले असते तर त्याने मान डोलावली असती आणि दाराबाहेर पडताच विसरला असता. आम्ही यादी पुन्हा काढली. पाच लोनपैकी तीन जानेवारीतले होते. त्यांतल्या दोन ठिकाणी पहिल्या क्रमांकाचा कीपर ठणठणीत होता, हे जायच्या आधीच त्याला माहीत होतं. फटका बसायच्या आधीच घेतलेली झेप होती ती.

आणि आईच्या देशाचं? तिथे तो सहा वर्षं तसूभरही हलला नव्हता. वरवर हे उलटं दिसतं. मुळाशी मात्र तोच धाक होता: प्रेक्षकांना काय दिसेल?

“तिकडून खेळलो तर म्हणतील, इंग्लंडने घेतलं नाही म्हणून आला.”

“खोटं आहे का ते?”

“अर्धं खरं आहे.”

“उरलेलं अर्धं सांग.”

“आजी. प्रत्येक सामन्यानंतर तिचा फोन येतो. मी तिच्याच भाषेत बोलतो, मोडकंतोडकं. बेंचवर होतो तरी ती विचारते, हातमोजे घातले होते का?”

“हे अर्धं तू कुणाला सांगितलंयस?”

कुणालाच नाही. दोन्ही बाजूंनी आपल्याला पूर्ण आपलं म्हटल्याशिवाय आपण कुठलेच नाही, अशी अट त्याने स्वतःवर घालून घेतली होती. लोकांनी आपलं म्हणावं ही इच्छा रास्त आहे. ती अट झाली की माणूस अडकतो. स्टीव्ह मंदंदा किन्शासात जन्मला आणि फ्रान्सकडून खेळला. 2018 च्या विश्वविजेत्या संघात तो होता. त्याचा सख्खा भाऊ पारफे, तोही गोलकीपर, काँगोच्या लोकशाही प्रजासत्ताकाकडून खेळला. एकाच घरातले दोन कीपर, दोन जर्सी. अर्धवट कोणीच नाही.

इथे नियमांची माहिती हवीच, कारण अर्धी भीती अज्ञानातून येते. दुसऱ्या देशाकडे जायचं तर एकविसाव्या वर्षाच्या आतच, ही जुनी अट फिफाने 2009 मध्ये काढली. 2020 मध्ये नियम आणखी सैल झाले: 21 पूर्ण व्हायच्या आत मुख्य संघाकडून जास्तीत जास्त तीन सामने झाले असतील, शेवटच्या सामन्याला तीन वर्षं उलटली असतील आणि विश्वचषकाच्या किंवा खंडाच्या मुख्य स्पर्धेत खेळलेला नसेल, तर बदल मागता येतो, मात्र आधीच्या देशाकडून पहिला सामना खेळतानाच दुसऱ्या देशाचं नागरिकत्व हाती असावं लागतं. मैत्रीपूर्ण सामन्यांनी कोणी बांधलं जात नाही. आमचा कीपर तर फक्त वयोगटाच्या संघातून, तेही सतराव्या वर्षी खेळलेला, त्यामुळे मुख्य संघाच्या या अटी त्याला लागू नव्हत्या. पासपोर्ट काढून नव्या संघटनेमार्फत फिफाकडे अर्ज करायचा, एवढंच बाकी होतं. बदल सहसा एकदाच मिळतो, म्हणून घाई नको. पण सहा वर्षं म्हणजे घाई टाळणं नव्हे.

व्यवहाराची बाजूही बघावी लागते. आफ्रिकन आणि आशियाई चषक बऱ्याचदा जानेवारीत येतात, ऐन मोसमात. महिनाभर गेलात तर जागा दुसऱ्याच्या हाती जाऊ शकते. गोलकीपर नील एथरिज इंग्लंडमध्ये जन्मला, त्याची आई फिलिपिन्सची. इंग्लंडच्या खालच्या डिव्हिजनमध्ये क्लबमागून क्लब पालथे घालून तो 2018 मध्ये कार्डिफ क्लबबरोबर प्रीमियर लीगमध्ये, म्हणजे सर्वांत वरच्या डिव्हिजनमध्ये, पोचला आणि पहिल्याच सामन्यात पेनल्टी अडवली. तरी 2019 च्या जानेवारीत फिलिपिन्स पहिल्यांदा आशियाई चषकात उतरलं, तेव्हा तो क्लबकडेच थांबला. देश निवडला म्हणून प्रत्येक बोलावण्याला होच म्हणावं लागत नाही.

सेनेगलचा गोलकीपर एदुआर मेंडी याचं उदाहरण मात्र मी अशा खेळाडूंना दिलासा म्हणून देत नाही. 2014 मध्ये फ्रान्समधल्या शेरबुर्ग क्लबने सोडल्यावर तो वर्षभर बिनक्लबचा होता आणि 2021 मध्ये चेल्सीबरोबर चॅम्पियन्स लीग जिंकला. पुढच्याच वर्षी सेनेगलबरोबर आफ्रिकन चषक. गोष्ट खरी आहे, पण ती ऐकून खेळाडू “मग माझं का नाही?” एवढंच घेऊन घरी जातो. बहुतेक फिरस्ते कीपर चेल्सीला पोचत नाहीत आणि तरीही पंधरा-पंधरा वर्षं नेटाने पोट भरतात. इंग्लिश गोलकीपर जॉन बरिज तर पंचविसाहून अधिक क्लब फिरून 43 व्या वर्षी प्रीमियर लीगमध्ये गोलमध्ये उभा राहिला होता.

मग त्याने प्रत्यक्षात काय बदललं? पहिली गोष्ट वही. प्रत्येक सामन्यानंतर, आणि बेंचवर असेल तर प्रत्येक सरावानंतर, तीन प्रसंग लिहायचे. प्रत्येकाचे तीन रकाने: निर्णय, कृती, निकाल. क्रॉसवर पुढे यायचं की रेषेवर थांबायचं, हा निर्णय. फटका सुटायच्या क्षणी दोन्ही पाय जमिनीवर स्थिर होते का, ही कृती. गोल झाला की नाही, हा निकाल. तो शेवटी आणि पेन्सिलीने. बरेच कीपर तिसरा रकाना आधी भरतात आणि त्यावरून पहिले दोन रंगवतात. बरोबर निर्णय घेऊन, पाय नीट रोवूनही गोल होतो, आणि चुकीच्या जागी उभं राहूनही बॉल खांबाला लागतो. दोन-तीन महिन्यांच्या नोंदी समोर असल्या की मे महिन्यातल्या यादीवर स्वतःची किंमत ठरवावी लागत नाही.

दुसरी गोष्ट गोल खाल्ल्यानंतरच्या मिनिटभराची. बॉल जाळ्यातून स्वतः काढायचा, जमिनीवर पडून राहायचं नाही. चालत जाऊन खांबाला हात लावायचा, एक श्वास लांब सोडायचा, आणि बचावफळीला एकच सूचना द्यायची, तीही पुढच्या बॉलबद्दल. इथे बहुतेक जण बचावपटूंवर खेकसतात आणि झालेला गोल मनात पुन्हा पुन्हा बघत बसतात; मग पुढच्या क्रॉसला पाय रेषेवरच खिळतात. बॉल हातात आल्यावरही तसंच. 2025-26 पासून आठ सेकंदांपेक्षा जास्त धरला तर समोरच्याला कॉर्नर मिळतो, या धास्तीने घाबरलेला कीपर दोन सेकंदांत तो भिरकावतो. आठ सेकंदांत एक श्वास आणि एक नजर आरामात बसते.

तिसरी, सही करायच्या आधीचे प्रश्न. तिथल्या पहिल्या कीपरचं वय काय, करार किती उरलाय? गोलकीपिंग कोच राहतोय की चाललाय? चषकाचे (लीगबाहेरच्या बाद स्पर्धांचे) सामने कोण खेळतं? लोन असेल तर मूळ क्लबला मध्येच परत बोलावता येतं का, कोणत्या तारखेपासून? या मोसमात दोन क्लबांकडून सामने खेळून झालेत का? कारण फिफाच्या नियमाप्रमाणे नोंदणी तीन क्लबांत चालते, पण सामने सहसा दोघांकडूनच खेळता येतात. यांतल्या दोन प्रश्नांचीही उत्तरं एजंटकडे नसतील तर फोन ठेवायचा.

त्या जानेवारीत तो थांबला. चमत्कार झाला नाही. चषकाचे सामने मिळाले, लीगमध्ये बेंचच राहिला, आणि मे महिन्याच्या यादीत त्याचं नाव सोडलेल्यांत आलं. तो दहाव्या क्लबात गेला, पण या वेळी सगळे प्रश्न विचारून, दोन वर्षांच्या करारावर. आईच्या देशाच्या संघटनेला फोन त्याने स्वतः केला. अर्ज गेला आहे.

पालकांसाठी एवढंच सांगते. दर शनिवारी “खेळलास का?” असं विचारू नका. त्याचं उत्तर मॅनेजरच्या हातात असतं, मुलाच्या नाही. “या आठवड्यात कुठला निर्णय बरोबर घेतलास?” हे विचारा. या कीपरच्या आईने हा प्रश्न इतका मनावर घेतला की आता ती सामन्याची चित्रफीत बघून, एकविसाव्या मिनिटाला क्रॉसवर पुढे का आला नाहीस, असं विचारते. परवा तो माझ्याकडे त्याचीच तक्रार करत होता, आणि क्रॉसच्या बाबतीत तिचं बरोबर होतं हेही त्यानेच सांगितलं.